तीस लाईफचा कोड मुळात कॉन्ट्राचा नव्हताच

दर काही महिन्यांनी तोच मेसेज नव्या चित्रासह फिरत येतो. एकाची पँट निळी, एकाची लाल, दोघेही उघडेबंब, आणि खाली मजकूर: 'कॉन्ट्रा हा १९८८ साली निन्टेन्डोसाठी बनवलेला गेम. निकाराग्वाच्या कॉन्ट्रा बंडखोरांची लढाई त्यात दाखवली होती. गेम इतका अवघड होता की कंपनीला तीस लाईफचा कोड शोधून काढावा लागला. जर्मनीने त्यावर बंदी घातली. सुपर कॉन्ट्रानंतर मालिका कायमची बंद पडली.' खाली शेकडो बदाम. एकदम पाच दिशांना गोळ्या फेकणारी 'एस' गन मिळाल्यावर जो आनंद व्हायचा तो मलाही ठाऊक आहे, त्यामुळे बदामांबद्दल तक्रार नाही. तक्रार मजकुराबद्दल आहे. पाच वाक्यं आहेत, आणि एकही जसंच्या तसं टिकत नाही.

सुरुवात सालापासून. कोनामी या जपानी कंपनीने कॉन्ट्रा काढला तो फेब्रुवारी १९८७ मध्ये, आणि तो आर्केडसाठी, म्हणजे नाणं टाकून उभ्याने खेळायच्या यंत्रासाठी. आपण ज्याला मूळ कॉन्ट्रा म्हणतो ती एका वर्षानंतरची, निन्टेन्डोच्या घरगुती यंत्रावरची कॅसेट. आर्केडचा पडदा उभा होता, आकृत्या मोठ्या होत्या, आणि शत्रूच्या तळाच्या आत शिरायच्या स्टेजला घड्याळ लावलेलं असायचं. बर्फ, एनर्जी झोन, हँगर आणि शेवटची ती किळसवाणी परग्रही गुहा हा सगळा तिथे एकच सलग टप्पा होता. कॅसेट करणाऱ्यांनी त्याचे तुकडे पाडले, प्रत्येक तुकडा लांबवला, शेवटी बॉस, म्हणजे मोठा शत्रू, बसवला आणि आठ स्टेज केल्या. कमकुवत यंत्रावर आणलेली आवृत्ती मूळ गेमपेक्षा सरस ठरावी असं फार वेळा घडत नाही. इथे घडलं, आणि म्हणूनच मूळ गेम विस्मरणात गेला असं मला वाटतं.

बरं, ती कॅसेटही एकच नव्हती. जपानी कॅसेटमध्ये कोनामीची स्वतःची चिप होती. त्यामुळे जंगलात झाडांची पानं हलायची, बर्फाच्या स्टेजला खरोखर बर्फ पडायचा, आणि दोन स्टेजच्या मधे नकाशा दिसायचा. अमेरिकेत बाहेरच्या कंपन्यांना स्वतःच्या चिपा वापरायची मुभा निन्टेन्डो देत नसे, म्हणून तिकडच्या कॅसेटमधून हे सगळं गेलं. तेव्हा 'ओरिजिनल कॉन्ट्रा' असं कोणी म्हणालं की आधी विचारावं, कुठला?

आता निकाराग्वा. हा मुद्दा पूर्ण खोटा नाही, आणि म्हणून जास्त पसरतो. कॉन्ट्रा हे त्या काळी बातम्यांत रोज येणारं नाव होतं. आर्केड आवृत्तीच्या शेवटी वाजणाऱ्या संगीताचं नाव तर 'सॅन्डिनिस्टा' आहे, म्हणजे ज्यांच्याविरुद्ध खरे कॉन्ट्रा लढत होते त्यांचं. नाव तिथूनच उचललं असावं हे मी मान्य करतो. पण नाव उचलणं वेगळं आणि ती लढाई दाखवणं वेगळं. जपानी कथेत साल आहे २६३३, जागा न्यूझीलंडजवळचा गालुगा नावाचा काल्पनिक द्वीपसमूह, आणि शत्रू रेड फाल्कन. गनिमी लढाईत पारंगत, जवळजवळ अतिमानवी सैनिकाला तिथे 'कॉन्ट्रा' ही पदवी देतात. अमेरिकेत कॅसेटबरोबरच्या पुस्तिकेने हेच प्रकरण वर्तमानात आणि दक्षिण अमेरिकेत आणून ठेवलं. निकाराग्वाचा समज पक्का होण्यात त्या पुस्तिकेचा हात असणार. पण गंमत पुढे आहे. १९९२ च्या तिसऱ्या भागात कथा २६३६ मध्ये घडते. जपानमध्ये नायक पहिल्या गेमचेच, बिल आणि लान्स. अमेरिकेत मात्र आधी वर्तमानकाळ सांगून बसल्यामुळे सहाशे वर्षांचा हिशोब लागेना, म्हणून नायकांची नावं बदलून जिम्बो आणि सली केली. एक थाप निभावायला दुसरी!

आणि कोड. वर वर खाली खाली, डावं उजवं, डावं उजवं, बी, ए. हा क्रम काझुहिसा हाशिमोतो यांनी ग्रेडियस या विमानाच्या गेममध्ये टाकला होता. आर्केडवरचा ग्रेडियस घरच्या यंत्रावर आणताना त्यांना तो स्वतःलाच संपेना, म्हणून सगळी शस्त्रं एकदम मिळवून देणारा, बोटांना सहज लक्षात राहील असा क्रम त्यांनी स्वतःच्या सोयीसाठी घातला. ती कॅसेट आली १९८६ साली, म्हणजे कॉन्ट्रा आर्केडमध्ये यायच्याही आधी. कॉन्ट्राने तो आयता घेतला आणि तीस लाईफला जोडला. प्रसिद्धी कॉन्ट्रामुळे मिळाली हे निर्विवाद. जन्म तिथला नाही. काही जण शेवटी 'सिलेक्ट, स्टार्ट' असं म्हणतात आणि तोच खरा कोड म्हणून भांडतात. सिलेक्ट फक्त दोघांनी खेळायचं असेल तर लागायचं. म्हणजे त्यांना जोडीदार होता, एवढंच त्यातून सिद्ध होतं.

सुपर कॉन्ट्राच्या, म्हणजे दुसऱ्या भागाच्या, कॅसेटवर हा कोड चालतच नाही. तिथे क्रम वेगळा, आणि मिळतात दहा लाईफ. कोनामीने पुढे या कोडची थट्टाही केली: सुपर निन्टेन्डोवरच्या तिसऱ्या ग्रेडियसमध्ये जुन्या सवयीने तो दाबला तर तुमचंच विमान फुटतं.

'इतका अवघड की कोड लागला' हेही तपासून पाहा. कोडशिवाय तीन लाईफ आणि तीन कंटिन्यू, म्हणजे लाईफ संपल्यावर पुन्हा सुरू करायच्या संधी, मिळतात. एका गोळीत माणूस मरतो, खरं आहे. पण शत्रू बहुतेक ठरलेल्या जागी, ठरलेल्या वेळी येतात. पाठ झालं की अख्खा गेम अर्ध्या तासाच्या आत संपतो. आपण तीस लाईफ घेऊन बेफिकीर धावत सुटायचो, म्हणून तो पाठच झाला नाही.

जर्मनीबद्दल थोडक्यात. तिथे मुलांसाठी हानिकारक ठरवलेल्या गेमची यादी असते. यादीत नाव गेलं की जाहिरात आणि अल्पवयीनांना विक्री बंद होते. सरसकट बंदी ही निराळी गोष्ट. ती कटकट टाळायला कोनामीने युरोपातल्या निन्टेन्डोवरच्या आवृत्तीत माणसं काढून यंत्रमानव घातले आणि नाव ठेवलं प्रोबोटेक्टर. युरोपातल्या एका पिढीला बिल आणि लान्स हे रोबोट म्हणूनच माहीत आहेत.

शेवटचं वाक्य मात्र सर्वांत चुकीचं. सुपर कॉन्ट्रा आर्केडमध्ये १९८८ चा. मालिकेचा उत्तम काळ त्याच्यानंतर सुरू होतो. १९९२ चा द एलियन वॉर्स, म्हणजे वर आलेला तिसरा भाग, आणि १९९४ चा सेगाच्या मेगा ड्राइव्ह या यंत्रावरचा हार्ड कोअर. या दोन्हींमागे दिग्दर्शक नोबुया नाकाझातो होते, आणि माझ्या मते मालिकेने यापेक्षा वरचा टप्पा कधी गाठला नाही. मग घसरण झाली, हे कबूल. १९९६ चा लेगसी ऑफ वॉर त्रिमितीच्या नादात सोबत रंगीत चष्मा देऊन आला, १९९८ चा द कॉन्ट्रा ॲडव्हेंचर जपानमध्ये निघालाच नाही. दोन्ही कोनामीने बाहेरच्या स्टुडिओकडून करून घेतले होते, आणि धावत गोळ्या झाडायची ती लय दोन्हींत हरवली. २००२ मध्ये प्लेस्टेशन २ वरच्या शॅटर्ड सोल्जरने मालिका परत सपाट, आडव्या धावेवर आणली. २००७ मध्ये वेफॉरवर्ड या स्टुडिओने निन्टेन्डो डीएसच्या दोन पडद्यांवर कॉन्ट्रा ४ बसवला. २०१९ च्या रोग कॉर्प्सबद्दल न बोललेलं बरं.

आणि २०२४ साली, पुन्हा वेफॉरवर्डकडूनच, पहिल्याच गेमची नवी मांडणी आली: ऑपरेशन गालुगा. तेच जंगल, तोच धबधबा. पूर्वीसारखं एका गोळीत मरायचं की थोडा मार सोसायचा, हे त्यात खेळणाऱ्याने स्वतः निवडायचं.