लँडर सुटल्यावर वेग दुप्पट झाला? नाही हो!

सध्या एक मेसेज फिरतोय की चांद्रयान-३ चा विक्रम लँडर १७ ऑगस्ट २०२३ ला प्रोपल्शन मॉड्यूलपासून (त्याला चंद्राच्या कक्षेपर्यंत नेणाऱ्या भागापासून) सुटला तेव्हा वजन निम्म्याहून कमी झालं आणि संवेग (वस्तुमान गुणिले वेग) तर कायम राहतो म्हणून वेग दुपटीच्या वर गेला. ऐकायला भारी वाटतं पण साफ चूक आहे.

अहो, मागे राहिलेलं मॉड्यूल काय जागेवर थांबलं का? तेही त्याच वेगाने पळतंय, स्वतःच्या वाट्याचा संवेग घेऊनच. दोघांची बेरीज कायम राहते, एकट्या लँडरची नाही. तेव्हा यान चंद्रापासून साधारण १५३ ते १६३ किमी उंचीच्या कक्षेत होतं, तिथे वेग सेकंदाला १.६ किमीच्या आसपास असतो, तो खरंच दुप्पट झाला असता तर ३.२, आणि चंद्राच्या तावडीतून सुटायला २.४ पण लागत नाही, म्हणजे लँडर उतरायच्या ऐवजी पळूनच गेला असता की!

आता गतिज ऊर्जा, म्हणजे वेगामुळे असलेली ऊर्जा. ती मात्र कायम राहतेच असं नाही, आणि इथे बरेच शिकलेले लोकही गोंधळतात. समजा १०००-१००० किलोचे दोन भाग एकत्र सेकंदाला १०० मीटरने चाललेत, मधल्या स्प्रिंगने ढकललं, पुढचा १०१ वर, मागचा ९९ वर. संवेग तेवढाच, पण ऊर्जा १००० ज्यूलने वाढली. ती आली स्प्रिंगमधून, हवेतून नाही. नुसती कडी उघडली आणि धक्काच नसेल तर ऊर्जाही तेवढीच राहते.