अट घालणाऱ्यांनी उभी केलेली हॉस्पिटलं

मागच्या पावसाळ्यात बाबांना न्यूमोनिया झाला आणि अकरा रात्री मी महापालिकेच्या एका मोठ्या हॉस्पिटलच्या वॉर्डाबाहेर चटईवर काढल्या. आत खाटा चाळीस. त्यांच्या मधल्या जागेत गाद्या टाकून झोपवलेले आणखी एकोणीस जण, ज्यांना तिथे ‘फ्लोअर बेड’ म्हणतात. झोप लागत नव्हती म्हणून मी मोजले. या एकोणसाठ जणांना रात्रपाळीला सिस्टर एकच. सलाईन बदलायचं, इंजेक्शनं द्यायची, वहीत नोंद करायची, मध्येच कुणी घाबरून सलाईनची सुई उपटली की तिकडे धावायचं. चौथ्या रात्री साडेतीनच्या सुमाराला बाबांचा ऑक्सिजन एकदम खाली आला, तेव्हा मी हाक मारायच्या आत ती पोचली होती. पाठोपाठ रेसिडेंट डॉक्टर आला, चपला न घालता. बाबा आज घरी आहेत, सकाळी पेपर वाचतात.

घरी आल्यावर नातेवाईक भेटायला आले. प्रत्येकाचा पहिला प्रश्न, “अगं, तिथे कशाला नेलंस?” आत्या तर रडवेली होऊन म्हणाली, “मेडिक्लेम होता ना!” हा प्रश्न मनातून जाईना. म्हणून मुंबईतली ही सार्वजनिक हॉस्पिटलं मुळात आली कुठून ते वाचायला घेतलं, आणि वाचत गेले तशी माझी या शहराकडे बघण्याची नजरच बदलली.

आपल्या डोक्यात चित्र असतं ते दानशूर शेठजी, कोनशिला आणि गव्हर्नरसाहेबांचं. पण पैशाबरोबर काय काय मागितलं गेलं, ते पाहिलंत का कधी?

सुरुवात जेजेपासून. एतद्देशीयांसाठी वैद्यकीय शिक्षणाची सोय व्हावी म्हणून १८२६ साली मुंबईत एक शाळा निघाली होती, ती सहा वर्षांत बंद पडली. गव्हर्नर सर रॉबर्ट ग्रँट यांनी तो विषय पुन्हा धरला, पण १८३८ मध्ये ते वारले. मग लोकांनी त्यांच्या स्मरणार्थ वर्गणी काढली. जमशेटजी जीजीभॉय यांनी हॉस्पिटलसाठी लाख रुपये पुढे केले आणि कंपनी सरकारलाही खर्चात वाटा उचलायला लागला. १८४५ साली ग्रँट मेडिकल कॉलेज आणि जेजे दोन्ही सुरू झाली. १८५१ मध्ये बाहेर पडलेल्या पहिल्या तुकडीत भाऊ दाजी लाड होते. गोव्यातल्या मांद्र्यात जन्मलेला हा माणूस पुढे गोरगरिबांना फुकट औषध देत राहिला.

कामा हॉस्पिटलची गोष्ट मला सगळ्यात जवळची. परक्या पुरुष डॉक्टरला अंग दाखवण्यापेक्षा मरण पत्करणाऱ्या बायका तेव्हा घरोघरी होत्या. पेस्तनजी होरमसजी कामा यांनी पैसे दिले आणि बायकांचं हे हॉस्पिटल बाई डॉक्टरांच्याच हाती राहील, असं ठरवून घेतलं. १८८६ मध्ये ते उघडलं. प्रमुख म्हणून आल्या होत्या एडिथ पीची. एडिनबरा विद्यापीठात पहिल्यांदा वैद्यकीय शिक्षण घ्यायला गेलेल्या सात जणींपैकी या एक. तिथे रसायनशास्त्रात अव्वल येऊनही केवळ बाई म्हणून त्यांना शिष्यवृत्ती नाकारली गेली होती. आमच्याकडे येऊन त्यांनी नुसत्या शस्त्रक्रिया केल्या नाहीत, रखमाबाईंना डॉक्टर होण्यासाठी लंडनला जायला पाठबळ दिलं. नवऱ्याच्या घरी नांदायला नकार देणारी आणि तुरुंगात जायला तयार झालेली ती रखमाबाई. पुढे डॉक्टर होऊन परतल्यावर त्यांनी काही काळ कामामध्येच काम केलं. त्या इमारतीवरून लोकल पकडायला धावताना हे एकदा तरी आठवावं, असं मला मनापासून वाटतं.

आणि मग १८९६. सप्टेंबरात मांडवीत डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी प्लेग ओळखला. शहर रिकामं व्हायला लागलं. पालिकेची माणसं घरात शिरून आजारी माणसाला उचलून नेत, आणि नेलेलं माणूस बहुतेक परत येत नसे. लोकांना वाटू लागलं की तिथे मारूनच टाकतात. २९ ऑक्टोबरला गिरणी कामगारांच्या मोठ्या जमावाने आर्थर रोडच्या हॉस्पिटलवर हल्ला केला. आज त्याच जागेला आपण कस्तुरबा म्हणतो. मला त्या कामगारांना अडाणी म्हणवत नाही. ज्याच्या घरातली बाई धटिंगण शिपायांनी उचलून नेली, त्याने विश्वास कशावर ठेवायचा? वाट निघाली ती पुढच्या वर्षी, जेव्हा वेगवेगळ्या समाजांनी आपापली प्लेगची हॉस्पिटलं काढली, जिथे शुश्रूषेला ओळखीचा हात होता. लोक तिथे मात्र गेले. दुसरीकडे जेजेच्या आवारातल्या ग्रँट मेडिकल कॉलेजात वाल्डेमार हाफकिन लस तयार करत होते. १० जानेवारी १८९७ रोजी त्यांनी ती आधी स्वतःला टोचून घेतली, मग भायखळ्याच्या तुरुंगातल्या कैद्यांना. परळच्या जुन्या गव्हर्नमेंट हाऊसमधली त्यांची प्रयोगशाळा १९२५ पासून त्यांच्याच नावाने ओळखली जाते.

केईएमबद्दल, म्हणजे किंग एडवर्ड मेमोरियल हॉस्पिटलबद्दल, तर शाळेत शिकवायला हवं. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सरकारी वैद्यकीय कॉलेजात वरच्या जागा इंडियन मेडिकल सर्व्हिसच्या, म्हणजे बहुतेक गोऱ्या, अधिकाऱ्यांकडे. हुशार हिंदी डॉक्टर कितीही शिकला तरी तिथे प्राध्यापक होणं महाकठीण. गोरधनदास सुंदरदास यांच्या विश्वस्तांनी कॉलेजसाठी देणगी देताना स्पष्ट मागितलं, की शिकवणारे सगळे सरकारी नोकरीत नसलेले, पात्र भारतीयच असतील. ते मान्य झालं, आणि १९२६ मध्ये परळला जीएस मेडिकल कॉलेज आणि केईएम सुरू झालं. डॉ. जीवराज मेहता तिथले पहिले डीन. म्हणजे स्वातंत्र्याच्या एकवीस वर्षं आधी, राजा एडवर्डच्या नावाच्या इमारतीत, चाकरी झुगारलेल्या डॉक्टरांचं राज्य होतं!

नायर हॉस्पिटलची गोष्ट त्याहून थेट. असहकाराच्या हाकेला ओ देऊन सरकारी शिक्षण सोडलेल्या मुलांसाठी १९२१ मध्ये नॅशनल मेडिकल कॉलेज निघालं, आणि डॉ. ए. एल. नायर यांनी आपल्या आईच्या, बाई यमुनाबाईंच्या, नावाने हॉस्पिटल उभारलं. कॉलेजच्या नावाला टोपीवाला हे नाव पुढे देसाई टोपीवाला यांच्या देणगीमुळे जोडलं गेलं. टाटा मेमोरियल १९४१ मध्ये उघडलं. त्याआधी दहा वर्षं सर दोराबजी टाटांच्या पत्नी मेहेरबाई रक्ताच्या कर्करोगाने गेल्या होत्या. सायन १९४७ मध्ये लष्कराच्या बराकींत, ५० खाटांवर सुरू झालं.

ज्यांना वाटतं की या हॉस्पिटलांत नवं काही घडत नाही, त्यांच्यासाठी दोनच गोष्टी सांगते. डॉ. इंदिरा हिंदुजांच्या हातून १९८६ साली टेस्ट ट्यूब बेबी जन्माला आली ती केईएममध्ये. आईचं दूध न मिळणाऱ्या बाळांसाठी आशियातली पहिली दूधपेढी १९८९ मध्ये डॉ. अर्मिडा फर्नांडिस यांनी सुरू केली ती सायनमध्ये. धारावीच्या शेजारी.

मग बिघडलं कुठे? माझं प्रामाणिक मत असं की आपण, म्हणजे पगारदार, पेपर वाचणारे, अर्ज लिहिता येणारे लोक, तिथून निघून गेलो. माझी आजी बाळंत झाली ती म्युन्सिपाल्टीच्या हॉस्पिटलात. आई नर्सिंग होममध्ये. माझ्या पिढीला केसपेपरची खिडकी कुठे असते तेही ठाऊक नाही. पूर्वी वॉर्डातला नळ बिघडला तर तो वकिलाच्या वहिनीला आणि मास्तरांच्या सासऱ्यालाही भोवायचा, आणि दुसऱ्या दिवशी नगरसेवकाच्या दारात माणूस उभा असायचा. आता तो नळ भोवतो ते जळगावहून आलेल्या शेतमजुराला, ज्याला कुणाच्या दारात उभं राहायचं तेच माहीत नाही.

आजही उपनगरांतली पालिकेची हॉस्पिटलं खासगी संस्थांना चालवायला देण्याच्या गोष्टी निघतात. विरोध करणारे कर्मचारी गेटवर बसतात, आणि आपण गाडीची काच वर करतो. वाईट याचं वाटतं, की देणगीदारांपेक्षा आज आपणच जास्त पैसे देतो, दरवर्षी, करातून. पण कामाशेठनी मागितलं तसं काहीही मागत नाही.

मी मागायचं ठरवलंय. आमच्या वॉर्ड ऑफिसला पत्र दिलंय, पोचपावती घेतलीय, आणि मत मागायला जो दारात येईल त्याच्याही हातात तीच प्रत ठेवणार आहे. त्यात एकच मागणी आहे: पालिकेच्या प्रत्येक वॉर्डाच्या दारावर रोज रात्री फळ्यावर खडूने लिहा, आत पेशंट किती, खाटा किती, आणि ड्यूटीवर सिस्टर किती. पत्राचा मजकूर ज्यांना हवा त्यांनी मेसेज करा, पाठवते.