थोरला, मधला आणि धुमसता धाकटा

सातवीच्या भूगोलासाठी ज्वालामुखी बेटांची एक काल्पनिक साखळी करून न्यायची होती. माणसांसकट, प्राण्यांसकट, सोमवारी सकाळी. ही बातमी आमच्या घरात रविवारी रात्री, मागचा भात वाढताना फुटली. पालकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ती म्हणे आठवडाभर फिरत होती. पण तो ग्रुप मी म्यूट केलाय, आणि मला बायकोने.

"काल्पनिकच ना? मग काय, दहा मिनिटांचं काम," असं म्हणून मी पहिल्याच बेटावर निळे वाघ सोडले.

"वाघ तिथे आला कसा?" कन्या.

"पोहत."

"हजार किलोमीटर?"

तिचं म्हणणं, समुद्राच्या तळातून लाव्हा वर येऊन झालेलं बेट कुठल्याच जमिनीला कधी जोडलेलं नसतं. उडत, पोहत किंवा वाहत येईल तोच तिथला रहिवासी. १९६३ साली आइसलँडजवळ सुर्ट्सी नावाचं बेट असंच समुद्रातून उगवलं. तिथे शास्त्रज्ञ सोडून कोणाला पाय ठेवू देत नाहीत. तरी एकदा तिथे टोमॅटोचं रोप सापडलं. शोध घेतला तेव्हा कळलं, की पाहुण्यांपैकी कोणीतरी उघड्यावरच परसाकडे उरकलं होतं आणि बी त्याच्या पोटातून आलं होतं. रोप तातडीने उपटण्यात आलं.

"जेवताना काय हे!" बायको म्हणाली.

"चांगला लागलेला टोमॅटो उपटला?" आई म्हणाली, आणि पाट ओढून प्रकल्पात सामील झाली.

मग बेटं ओळीनेच का, यावर हवाईचं उदाहरण निघालं. खालची आच एकाच जागी असते, वरचा समुद्रतळ वर्षाला ७ ते १० सेंटीमीटर सरकत राहतो. "म्हणजे शिवणयंत्र," आई म्हणाली. "सुई जागेवर, कापड पुढे." कन्येने हे वहीत उतरवून घेतलं. माझं एकही वाक्य तोवर वहीत गेलं नव्हतं. आचेवरून पुढे सरकलेली बेटं थंड होतात, झिजतात. काउआई हे तिथलं जुनं बेट, ५० लाख वर्षांचं, आता शांत आणि हिरवंगार. सगळ्यात नवं आहे ते अजून लाव्हा ओकतंय. त्यामुळे मी सुचवलेलं 'अग्निशिखाद्वीप' बाजूला पडलं आणि बेटांची नावं थोरला, मधला, धाकटा अशी ठरली.

"धाकट्यांचं हे असंच," आई माझ्याकडे बघत म्हणाली. आम्ही तिघे भाऊ. मी कितवा, हे सांगायला नको.

माणसांचं खातं आईनेच घेतलं. पाणी कुठलं पितात? सोयरीक कुठे करतात? आणि डोंगर पेटतो तिथे राहतात कशाला? त्यावर कन्येने दक्षिण अटलांटिकमधलं ट्रिस्टन द कुन्या काढलं. गावात मोजकीच आडनावं. १९६१ साली गावाला लागूनच ज्वालामुखी फुटला, सगळ्यांना उचलून इंग्लंडला नेलं. १९६३ मध्ये बहुतेक सगळे परत बेटावर! तिथे ते बटाटे लावतात.

"मग बरोबर," आई म्हणाली. "लावलेले बटाटे टाकून परमुलखात जीव लागेल का कोणाचा?" आमच्या बेटावरही बटाटे मंजूर झाले.

दरम्यान बायकोने रद्दी आणि मैद्याच्या खळीचे तीन डोंगर उभे केले होते. धाकट्याच्या तोंडात खायचा सोडा, खाण्याचा लाल रंग आणि वर व्हिनेगर. लाव्हा हवा होता हवाईसारखा, संथ वाहणारा. आला तो १८८३ साली स्फोट झालेल्या इंडोनेशियातल्या क्राकाटोआचा. गुलाबी फेस मधल्याला वळसा घालून, टेबलाची कड ओलांडून माझ्या झाकून ठेवलेल्या ताकाच्या भांड्याखाली शिरला. माझ्या व्हिनेगर ओतण्यावर जी चर्चा झाली ती इथे देत नाही.

उरले प्राणी. कन्येने पॅसिफिकमधल्या गालापागोस बेटांवरच्या प्राण्यांची यादीच वाचली: समुद्रात बुडी मारून शेवाळ चरणारा आणि जादा मीठ नाकातून शिंकरणारा सरडा, पंख असून न उडणारा पाणकावळा, दुसऱ्या पक्ष्यांना टोचून रक्त पिणारी फिंच, आणि थंड प्रवाहांच्या कृपेने चक्क विषुववृत्तावर राहणारे पेंग्विन.

"अगं, थापांनासुद्धा मर्यादा असते," मी म्हणालो. निळ्या वाघाचं दुःख ताजं होतं.

आईला मात्र धाकट्यावर शेळ्या हव्या होत्या. मी हसलो. कन्या हसली नाही. अंदमानातलं बॅरन बेट, भारतातला एकमेव जागृत ज्वालामुखी, तिथे रानटी झालेल्या शेळ्या खरोखरच आहेत म्हणे. शेळ्या आत, माझा वाघ बाहेर.

वही तपासून आली तेव्हा लाल शाईत शेरा होता: 'बेटांची नावं समर्पक. बटाटे पटले. प्राणी मात्र पालकांनी मनानेच रचलेले दिसतात. विषुववृत्तावर पेंग्विन?? प्रकल्प विद्यार्थ्यांना स्वतः करू द्यावा.'

शेळ्यांपुढे तेवढी बरोबरची खूण होती. आईने चष्मा लावून ती नीट पाहिली आणि वही घेऊन शेजारी दाखवायला गेली.