‘कोर्ट टेंडरमध्ये हात घालत नाही’ हे अर्धसत्य महागात पडतं

निविदा भरणाऱ्यांच्या व्हॉट्सअॅप गटांत एक संदेश सारखा फिरतो: “निविदा अपात्र ठरली की विषय संपला. कारण न देता नाकारायचा खात्याला अधिकारच आहे. कोर्ट टेंडरमध्ये हात घालत नाही. कागद कमी पडला तर तोंड उघडायला जागा नाही. जायचंच असेल तर आधी माहिती अधिकारात कागद काढा, मग सावकाश बघा.” लहान कंत्राटदारांच्या निविदा भरून देणं हे माझं रोजचं काम. या संदेशावर विसंबून माणसं नुकसानीत गेलेली मी पाहिली आहेत.

आधी ते ‘कारण न देता’. प्रत्येक निविदा सूचनेच्या तळाशी ही ओळ असते आणि लोक तिलाच कायदा समजतात. ती फक्त निविदेतली एक अट आहे. खातं असो, महामंडळ असो की महापालिका, मनमानी करायची नाही हे संविधानाच्या कलम 14 चं बंधन तिच्या वर आहे. केंद्र सरकारच्या 2017 च्या सामान्य वित्तीय नियमांतला नियम 173 तर स्पष्टच सांगतो, की निविदाकाराने विचारलं तर नाकारण्याचं कारण दिलंच पाहिजे. आपल्याकडचं उदाहरण नागपूर विमानतळाचं. जीएमआर या खासगी कंपनीचा देकार, म्हणजे बोली, स्वीकारल्यानंतर विमानतळ चालवणाऱ्या मिहान इंडियाने 2020 मध्ये निविदा प्रक्रियाच रद्द केली. ऑगस्ट 2021 मध्ये नागपूर खंडपीठाने तो निर्णय रद्द ठरवला आणि मे 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही तेच कायम ठेवलं.

कोर्ट हात घालत नाही, हे मात्र निम्मं खरं आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या 1994 च्या टाटा सेल्युलर निकालापासून कोर्टाची भूमिका ठरलेली आहे. निर्णय शहाणपणाचा होता का, हे ते तपासत नाही. तो कसा घेतला गेला, हे तपासतं. म्हणून “आमचा दर कमी होता” एवढ्यावर याचिका उभी राहत नाही. नागपूर मेट्रोच्या पुलाच्या कामात अनुभवाच्या अटीचा अर्थ काय, यावर वाद झाला. उच्च न्यायालयाने अपात्र ठरलेल्या कंपनीच्या बाजूने निकाल दिला, पण 2016 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला: ज्याने निविदा लिहिली त्याने लावलेला अर्थ विकृत किंवा दुष्ट हेतूचा नसेल, तर कोर्टाने स्वतःचा अर्थ लादू नये.

पण मोजपट्टी दोन निविदाकारांना वेगवेगळी लावली, तर चित्र बदलतं. भारत कोकिंग कोल या सरकारी कोळसा कंपनीच्या एका निविदेत बन्शीधर कन्स्ट्रक्शनला मुखत्यारपत्रातल्या (पॉवर ऑफ अॅटर्नी) उणिवेवरून बाद केलं गेलं, आणि ज्याला काम दिलं त्याच्या आवश्यक कागदांतली उणीव मात्र चालवून घेतली गेली. ऑक्टोबर 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा निर्णय मोडीत काढला. म्हणून मी प्रत्येकाला सांगतो, की आपल्याला का बाद केलं एवढंच बघू नका, पात्र ठरलेल्यांचेही कागद बघा.

कागद कमी म्हणजे सगळं संपलं, हेही तसंच नाही. काही अटी मूळ असतात, काही पूरक. पोद्दार स्टील प्रकरणात बयाणा रक्कम, म्हणजे निविदेसोबतची अनामत, रोख किंवा स्टेट बँकेच्या ड्राफ्टने मागितली होती. दिला होता युनियन बँकेने प्रमाणित केलेला चेक. पैसे सुरक्षित असल्यामुळे ही सवलत देता येते, असं 1991 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं. सवलत देणं खात्याच्या हाती आहे, ती हक्काने मागता येत नाही. पण एकाला दिली तर दुसऱ्याला का नाही, हा प्रश्न विचारता येतो.

‘सावकाश बघा’ हा सल्ला मात्र सर्वांत घातक आहे. मुंबई विमानतळावरच्या उपाहारगृहाच्या वादात, 1979 च्या रमणा शेट्टी निकालात, सर्वोच्च न्यायालयाने मान्य केलं की प्राधिकरणाने स्वतःचीच अट मोडून ठेका दिला. तरी ठेका रद्द झाला नाही. एक कारण असं, की निविदा स्वीकारल्यावर पाच महिन्यांहून जास्त काळाने याचिका आली होती आणि तोवर ठेकेदाराने सामानावर खर्च केला होता. आता तर 2018 च्या दुरुस्तीने विशिष्ट अनुतोष अधिनियमात, म्हणजे करारांच्या अंमलबजावणीच्या कायद्यात, कलम 20 अ आलं आहे. पायाभूत सुविधांच्या कामाला उशीर होईल अशी स्थगिती देऊ नये, असं ते सांगतं. सरकारी निर्णयाविरुद्धच्या रिट याचिकेतही कोर्टांनी हे ध्यानात ठेवावं, असं सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये बजावलं.

म्हणून तांत्रिक लिफाफ्यात, म्हणजे पात्रतेच्या कागदांच्या तपासणीत, अपात्र दिसलात की त्याच दिवशी लेखी कारण मागा, पोर्टलवरच्या पानाची प्रत जपून ठेवा आणि दरांचा आर्थिक लिफाफा उघडायच्या आत वकिलाकडे जा. माहिती अधिकाराच्या उत्तराला 30 दिवसांची मुदत असते. कार्यादेश, म्हणजे काम सुरू करायचा आदेश, तेवढा थांबत नाही. माझ्याकडे येणाऱ्या एका कंत्राटदाराने त्या उत्तराची वाट पाहिली. उत्तर आलं तेव्हा त्याला चुकीच्या कारणाने बाद केलं होतं हे कागदावर स्वच्छ दिसत होतं, आणि रस्त्यावर दुसऱ्याचं डांबर पडून झालं होतं.