लोकल सगळ्यांची, पण डबे कुणाचे?

"लोकलच्या गर्दीत जात, वर्ग, लिंग काही उरत नाही, सगळ्यांचा घाम सारखाच, महिलांना तर वेगळा डबाही आहे, माणसाच्या अनेक ओळखी मोजत बसणे हे विलायती खूळ आहे आणि त्याने फूट पडते," अशा आशयाचा मजकूर पावसाळ्यात गाड्या रखडल्या की हटकून फिरू लागतो. परवा तो मला तिसऱ्यांदा आला. लिहिणाऱ्याचे मुंबईवरचे प्रेम खरे असावे, पण त्याचे एकही विधान तपासणीत टिकत नाही.

गाडी एक असली तरी डबा एक नसतो, हे पहिल्या आणि दुसऱ्या वर्गाच्या पासांच्या किमती पाहिल्या तरी कळते. त्यावर अधिक लिहिण्याची गरज नाही.

महिला डब्याचे विधान मात्र बारकाईने पाहिले पाहिजे. भाऊच्या धक्क्यावरून मासळी घेऊन निघणारी कोळीण मालडब्यात चढते. पाटीतून बर्फाचे पाणी मानेवर ठिबकत असते आणि पाटी उतरवायला कुणीतरी हात लावावा लागतो. तिकीट तिनेही काढलेले असते, तीही बाईच असते, पण पाटीसह महिला डब्यात पाऊल टाकले की पदर आणि ओढण्या नाकाला लागतात. संध्याकाळी पाटी रिकामी असली तरी तेच होते. म्हणून ती परततानाही मालडब्यातच, पुरुषांच्या गराड्यात, पत्र्यावर उकिडवी बसते. तिच्या घरातले पुरुष होडीवर जातात. मासळी विकणे आणि त्यासाठीची वणवण बाईकडे असते. त्यामुळे तिच्या आखडलेल्या मानेचे कारण नुसत्या 'बाई' या शब्दात सापडत नाही आणि नुसत्या 'कोळी' या शब्दातही सापडत नाही.

आता घामाविषयी. आमच्या गल्लीत सकाळी झाडणाऱ्या मावशी कंत्राटावर आहेत. त्या घरून निघताना चहा अर्धाच कप घेतात आणि दुपारपर्यंत पाण्याला तोंड लावत नाहीत, कारण त्यांची हजेरी लागते तिथे बायकांसाठी स्वच्छतागृह नाही. सोबतचा कामगार भिंतीच्या आडोशाला जाऊन येतो. कार्यालयातील बाईला निदान कडी लागणारे दार मिळते. या शहराच्या झाडूकामात पिढ्यान्पिढ्या बहुतांशी दलितच का दिसतात, हा प्रश्न मजकूरकर्त्याला पडलेला नाही. मुंबईत 2011 मध्ये 'राइट टू पी' ही मोहीम सुरू झाली, तेव्हा पुरुषांना मुतारी फुकट आणि महिलांकडून मात्र पैसे, ही तिची एक ठळक तक्रार होती. जिच्या दिवसाच्या मजुरीला एवढे पैसेही जड जातात, तिचा घाम सारखा असेलही. पण तहान दाबून आणि लघवी रोखून होणारी जळजळ सारखी नसते.

राहिला विलायतीचा आरोप. माणसाच्या अनेक ओळखी एकत्र पाहण्याच्या या विचाराला 'इंटरसेक्शनॅलिटी' हे इंग्रजी नाव दिले ते अमेरिकी कायदेपंडित किंबर्ले क्रेनशॉ यांनी, 1989 मध्ये. त्यांच्यासमोर जनरल मोटर्सविरुद्धचा 1976 चा निकाल होता. कंपनी कृष्णवर्णीय पुरुषांना आणि गोऱ्या स्त्रियांना कामावर घेते, मग वंशभेद कुठे आणि लिंगभेद कुठे, अशा तर्काने कृष्णवर्णीय स्त्रियांची एकत्रित तक्रार न्यायालयाने ऐकून घेतली नव्हती. नाव तिकडचे आहे, जाणीव मात्र तिकडची नाही. पुण्यात फुले दांपत्याच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ता साळवे या मातंग मुलीने 1855 मध्ये 'ज्ञानोदय' या नियतकालिकातील निबंधात मांग-महार स्त्रियांच्या बाळंतपणाविषयी लिहिले, ते डोक्यावर छप्पर नसताना थंडीवाऱ्यात होणाऱ्या हालांविषयी. ते दुःख त्यांच्या घरातल्या पुरुषांचे नव्हते आणि वाड्यात बाळंत होणाऱ्या ब्राह्मण बाईचेही नव्हते.

शेवटचा मुद्दा फुटीचा. ज्या महिला डब्याचा दाखला हा मजकूर एवढ्या अभिमानाने देतो, तो डबासुद्धा गर्दीत बाईच्या शरीराला वेगळे काही सोसावे लागते हे कुणीतरी मोजले म्हणूनच गाडीला लागला आहे.