मिथ्राकडून उसनं? आधी यरुशलेमेच्या पायऱ्या उतरून बघा

नाताळ किंवा ईस्टर जवळ आला की एक फॉरवर्ड हमखास फिरतो. मजकूर थोडा इकडेतिकडे होतो, गाभा तोच: ख्रिस्ती धर्मात स्वतःचं असं काही नाही. बाप्तिस्मा, भाकर आणि द्राक्षारस, मेलेल्याचं उठणं, रविवार, ईस्टर हा सगळा माल इराणी-रोमन देव मिथ्र, इजिप्तचा देव ओसायरिस, बाबिलोनची देवी इश्तार यांच्याकडून उचलला आणि इ.स. ३२५ मध्ये कॉन्स्टंटाईन बादशहाने निकियाच्या परिषदेत, म्हणजे बिशपांच्या सभेत, त्याची गोधडी शिवली. आपल्याकडे तो जरा जास्तच चवीने पुढे ढकलला जातो, कारण मिथ्र म्हणजे आपल्या ऋग्वेदातला मित्र असं शेपूट त्याला जोडलेलं असतं. नावांचं ते नातं खरंही आहे. घोळ पुढे आहे.

येशू यहुदी, त्याची आई यहुदी, बाराही शिष्य यहुदी, प्रेषित पौल तर स्वतःला परूशी, म्हणजे नियमांना काटेकोर अशा यहुदी पंथाचा, म्हणवणारा. या माणसांनी विधी कुठून आणले हे शोधायला फॉरवर्डवाले इजिप्त, बाबिलोन, इराण फिरून येतात. काखेत कळसा आणि गावाला वळसा.

बाप्तिस्म्यापासून सुरुवात करू. यरुशलेमेच्या मंदिराच्या दक्षिणेकडच्या पायऱ्यांजवळ खोदकाम झालं तेव्हा खडकात कोरलेली कुंडं सापडली. पायऱ्या उतरायच्या, पाण्यात पूर्ण बुडायचं, शुद्ध होऊन वर यायचं. यांना मिकवे म्हणतात. यहुदिया आणि गालीलात अशी शेकडो कुंडं मिळाली आहेत, मृत समुद्राकाठच्या कुमरानलाही आहेत. लोकांना यार्देन नदीत बुडवणाऱ्या योहानाचा उल्लेख बायबलबाहेर योसेफस या यहुदी इतिहासकारानेही केला आहे. यहुदी धर्मात नव्याने येणाऱ्याने कधी बुडी घ्यायची यावर हिल्लेल आणि शम्मय या यहुदी गुरूंच्या अनुयायांचा वाद मिश्ना या यहुदी नियमसंग्रहात नोंदलेला आहे. आता ‘दिदाखे’ ही छोटी ख्रिस्ती पुस्तिका घ्या. ती साधारण पहिल्या शतकाच्या अखेरची किंवा दुसऱ्याच्या सुरुवातीची, आणि तिची प्रत १८७३ मध्ये कॉन्स्टँटिनोपलला हाती लागली. ती सांगते, बाप्तिस्मा ‘जिवंत’ म्हणजे वाहत्या पाण्यात द्या. ते नसेल तर दुसऱ्या पाण्यात, तेही पुरेसं नसेल तर डोक्यावर तीनदा ओता. पाण्याची अशी प्रतवारी लावणं आणि ‘जिवंत पाणी’ हा शब्दप्रयोग, दोन्ही थेट यहुदी शुद्धिशास्त्रातले. मिथ्राच्या नावावर खपवलं जाणारं बैलाच्या रक्ताचं स्नान मुळात किबेले देवीच्या पंथातलं, आणि त्याचं ते रक्तबंबाळ वर्णन इ.स. ४०० च्या आसपासचं आहे.

मिथ्राचा विषय इथेच संपवू. त्याच्या रोमन पंथाचे ठोस पुरावे पहिल्या शतकाच्या अखेरीपासून मिळतात. पौलाने करिंथ या ग्रीक शहरातल्या ख्रिस्ती लोकांना भाकर आणि प्याल्याबद्दल लिहिलं ते इ.स. ५४ च्या सुमारास. शिल्पांत मिथ्र शिळेतून जन्मतो, कुमारिकेच्या पोटी नाही. आणि तो मेला, पुन्हा उठला अशी कथा त्या पंथाच्या अवशेषांत कुठेच नाही. दुसऱ्या शतकात जस्टिन हा ख्रिस्ती लेखक उलट मिथ्रवाल्यांवरच नकलेचा आरोप करतो. त्याचं म्हणणं मान्य करा असं मी सांगत नाही, पण त्याने वर्णन केलेल्या विधीत भाकर आणि पाण्याचा प्याला आहे, हे लक्षात ठेवा.

भाकर आणि द्राक्षारस कुठले? यहुदी घरात शुक्रवारी सूर्य मावळला की प्याला उचलून आशीर्वाद म्हणतात, मग ‘भूमीतून भाकर उपजवणाऱ्या’ देवाची स्तुती करून भाकर मोडतात. हे बघायला परदेशी जायला नको. शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ‘शनवार तेली’ नाव पडलेले आपल्या कोकणातले बेने इस्राएल यहुदी या प्याल्यात मनुकांचं शरबत घेत आले आहेत. येशूचं शेवटचं भोजन पहिली तीन शुभवर्तमानं (येशूची चरित्रं) वल्हांडण या यहुदी सणाचं म्हणून सांगतात. ‘दिदाखे’तली भोजनाची प्रार्थना तर ‘तुझा सेवक दावीद याच्या पवित्र द्राक्षवेली’बद्दल आभार मानते. एक गोष्ट मात्र कबूल करायला हवी: लेवीय या यहुदी धर्मग्रंथाच्या सतराव्या अध्यायात रक्त खाण्याला कडक बंदी असताना प्याल्याला ‘रक्त’ म्हणणं यहुदी कानाला धक्काच होता. इथे खरोखर काहीतरी नवं घडलं आहे. पण धक्का द्यायलाही घर तेच लागतं.

पुनरुत्थानाचं लवकर आटोपतं. ओसायरिस मृतांच्या राज्यातच राजा होऊन राहतो. उलट यहुदी ग्रंथांत बघा: दानिएलाच्या पुस्तकाच्या बाराव्या अध्यायात धुळीत निजलेले जागे होतात. मक्काबींच्या दुसऱ्या ग्रंथात छळ सोसणारे सात भाऊ देह परत मिळेल म्हणून मरणाला सामोरे जातात. परूशी हे मानत, सदूकी हा दुसरा यहुदी पंथ मानत नसे. पौलाने न्यायसभेत नेमकी याच मुद्द्यावर दोघांची जुंपून दिली, असं प्रेषितांची कृत्ये सांगतात.

रविवार कॉन्स्टंटाईनने दिला? त्याने ३२१ मध्ये सुट्टी दिली. ख्रिस्ती लोक रविवारी जमतात हे जस्टिन त्याआधी दीडशेहून अधिक वर्षं लिहून गेला होता. उपासाचंही बघा: ‘दिदाखे’ म्हणते सोमवारी-गुरुवारी उपास करू नका, ‘ढोंगी’ (रोख यहुद्यांवर) त्या दिवशी करतात, तुम्ही बुधवारी-शुक्रवारी करा. शेजाऱ्यापेक्षा वेगळं दिसायचं असतं तेव्हाच अशी सूचना काढावी लागते.

ईस्टर आणि इश्तार हे साम्य इंग्रजीतच ऐकू येतं. ग्रीक आणि लॅटिनमध्ये सणाचं नाव पास्का, पोर्तुगीजात पास्कोआ, म्हणून गोव्यात ‘पास्कांचें फेस्त’. मूळ शब्द हिब्रू पेसाह, म्हणजे वल्हांडण. आशिया मायनरमधल्या मंडळ्या तो सण यहुदी पंचांगातल्या निसान महिन्याच्या चौदाव्या तिथीलाच, म्हणजे वल्हांडणालाच, धरत, वार कुठलाही असो. इ.स. १९० च्या सुमारास रोमच्या व्हिक्टर बिशपने त्यांना बहिष्काराची धमकी दिली होती. निकियात याच तारखेचा निकाल लागला, आणि यहुद्यांच्या मागोमाग सण करायचा नाही असं कॉन्स्टंटाईनने पत्रात बजावलं. म्हणजे ३२५ साली चाललं होतं ते यहुदी पंचांगापासून तोडण्याचं काम, आणि फॉरवर्ड सांगतो नेमकं उलट.

२५ डिसेंबरबद्दल फॉरवर्डला थोडे गुण देऊ. इ.स. ३५४ च्या रोमन पंचांगात तीच तारीख अजिंक्य सूर्याचीही आहे आणि येशूच्या जन्माचीही. कोणाची आधी यावर अभ्यासक अजून भांडतात. पण सुरुवातीचे ख्रिस्ती लोक नाताळ करतच नव्हते. वाढदिवस फारो आणि हेरोदासारखे लोक करतात, असं ओरिजेन या ख्रिस्ती विद्वानाने तिसऱ्या शतकात टोचून लिहिलं आहे.

उरले शब्द. आमेन, हालेलुया, होसान्ना हे हिब्रू, अब्बा (बाबा) आणि मारानाथा (आमच्या प्रभू, ये) अरामी, म्हणजे तेव्हाच्या यहुद्यांच्या बोलीतले. ग्रीक बोलणाऱ्या करिंथकरांना लिहितानाही पौल ‘मारानाथा’ तसाच ठेवतो.

आणि निकियात सगळं शिवून झालं असेल, तर सिरियातल्या अंत्युखिया शहरात ३८६ साली काय चाललं होतं? योहान ख्रिसोस्तोम हा तिथला पाळक व्यासपीठावरून आपल्याच लोकांवर भडकला होता. त्याची यहुद्यांबद्दलची भाषा आज वाचवत नाही. राग कशाचा, तर त्याचे ख्रिस्ती श्रोते यहुदी नववर्षाचं शिंग ऐकायला सभास्थानात जाऊन बसत होते.