नुसती बायोस बदलून गेम जोरात पळत नाही

सोलापूरच्या नवी पेठेत जुने व्हिडिओ गेम मोबाईलवर खेळणाऱ्या पोरांमध्ये सध्या एक मेसेज फिरतोय: "एम्युलेटर कुठलाही असो, बायोस लागतेच. गेम अडकत असेल तर नवी बायोस टाका, डबल स्पीड! कन्सोल बंद झालेत, फाईल सगळ्यांना मोकळी." भाच्याने मलाही पाठवला, वर 60 एमबीची एपीके, म्हणजे ॲप इन्स्टॉल करायची फाईल. एम्युलेटर म्हणजे जुन्या कन्सोलची, म्हणजे गेम खेळायच्या मशीनची, नक्कल करणारं ॲप; आणि बायोस म्हणजे त्या कन्सोलमध्ये आधीपासून बसवलेला मूळ प्रोग्राम.

आधी ते "लागतेच". लहानपणी आपण कॅसेट फुंकून लावायचो ना, त्या 8 बिट मशीनमध्ये बायोस नव्हतीच; कॅसेटमधला प्रोग्राम थेट चालायचा. गेमबॉय ॲडव्हान्समध्ये 16 केबीची आहे, पण एमजीबीए हा एम्युलेटर तिचं काम स्वतःच निभावतो. पीएसपी या हातात धरायच्या कन्सोलसाठीचा एम्युलेटर पीपीएसएसपीपी ती मागतही नाही. प्लेस्टेशनची गोष्ट वेगळी. सीडी वाचायला, मेमरी कार्डावर सेव्ह करायला तिथला गेम बायोसमधले तयार छोटे प्रोग्राम वापरतो, म्हणून डकस्टेशन आणि पीसीएसएक्स2 हे एम्युलेटर खरी फाईल मागतात. पीसीएसएक्स रीआर्म्ड हा एम्युलेटर पर्यायी बायोसवरही बरेच गेम चालवतो, काही मात्र अडखळतात. मेसेजमध्ये खरं आहे ते एवढंच.

डबल स्पीडचं सोलापूरकरांना तरी सांगायला नको. मागावरचं जकार्डचं, म्हणजे नक्षी ठरवणारं, पंचकार्ड बदललं की चादरीवरची नक्षी बदलते, माग जोरात धावत नाही. वेग फोनच्या प्रोसेसरचा आणि सेटिंगचा. ही अफवा कुठून आली असेल, याचा माझा अंदाज असा: युरोपीय आवृत्तीचे गेम 50 हर्ट्झवर, म्हणजे सेकंदाला 50 वेळा चित्र बदलत, चालतात, अमेरिकी आणि जपानी 60 वर. कुणीतरी गेम आणि बायोस दोन्ही अमेरिकी टाकले, खेळ चपळ वाटला, श्रेय बायोसला.

"मोकळी" तर मुळीच नाही. 2000 साली अमेरिकेत सोनी विरुद्ध कनेक्टिक्स खटल्यात अपील कोर्टाने एम्युलेटरवाल्यांच्या बाजूने निकाल दिला, पण विकल्या जाणाऱ्या त्या एम्युलेटरमध्ये सोनीचा कोड नव्हता. आपल्या 1957 च्या कॉपीराइट कायद्यातही संगणक प्रोग्रामला कॉपीराइट आहे. कन्सोलची विक्री थांबली म्हणून तो सुटत नाही. माळ्यावर पीएस2 (प्लेस्टेशन 2) पडला असेल तर त्यातूनच फाईल काढता येते, खटपट आहे खरी.

आणि ती एपीके? पीएस1 ची बायोस 512 केबीची, पीएस2 ची 4 एमबीची, आणि दोन्ही नुसत्या डेटा फाईल. इन्स्टॉल करायला सांगणारी 60 एमबीची वस्तू बायोस नव्हे. भाच्याला ती डिलीट करायला लावली. मग त्याचा फोन हातात घेतला, तर बॅटरी सेव्हर चालू! तो बंद केला आणि गेम सुरळीत चालला.